आठ बायांचा कापूस

दिवसभर आठवीच्या पोरांना समचलन शिकवून घसा बसलेला असायचा. संध्याकाळी बोरगावच्या घरी येऊन बूट काढतो न काढतो तोच वहिनी वही घेऊन समोर हजर. सरकारी ऑफिसातल्या शिपायाच्या भरतीची परीक्षा होती, म्हणून त्या रोहण्याहून माझ्याकडे राहायला आल्या होत्या.

माझा भाऊ गेल्यापासून त्या लोकांच्या शेतात कापूस वेचायला जात. वयाची मर्यादा संपत आली होती. ही परीक्षा हुकली की जन्मभर वेचणीच. हे मला कळत होतं, पण खरं सांगतो, तेच ते दोनदा शिकवून जीव मेटाकुटीला आला होता.

एकच गणित अडायचं. पाच बाया दिवसाला दोनशे किलो कापूस वेचतात, तर आठ बाया किती?

"तीनशे," वहिनी म्हणायच्या. रोज.

"अहो, आधी एका बाईचा काढा ना! चाळीस. जितक्या बाया वाढतील, त्याच मापानं कापूस वाढणार. चाळीस गुणिले आठ, तीनशे वीस."

"हव, समजलं," म्हणायच्या, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तीनशे. एकदा मी भडकलोच.

"वहिनी, वीस किलो जातो कुठं? अळी खाते काय?"

"चिडता काऊन भाऊजी? पाच जनी असल्या त सगळ्या तडफदार राह्यतात. आठ झाल्या की एखादी राह्यतेच पोटुशी, नाई त तापातून उठलेली. तिच्यानं निम्मंच होते. पर आमी तिले घरी नाई ठेवत. संग नेतो, अन् सांजच्याले सगळ्याइचा कापूस एकत्र करून सारखा वाटून घेतो."

"गणितात अशी बाई नसते!" मी खेकसलो. "सगळ्या सारख्याच धरायच्या."

त्यांनी वही मिटली. मग हळूच म्हणाल्या, "तुमचे भाऊ गेले त्या साली ते बाई मीच होती."

मला फार वाईट वाटलं. "पेपरात तेवढं तिला धरू नका, वहिनी," एवढंच कसंबसं म्हणालो.

परीक्षेत तसंच गणित आलं आणि त्यांनी बरोबर सोडवलं. निकाल लागला. वहिनी पास! मी धावत जाऊन पेढे आणले. त्या मात्र पेढा हातात धरून तशाच बसून राहिल्या.

"काय झालं? आनंद नाही झाला?"

"झाला ना जी. लय झाला. पर तिथं ऑफिसात मी थकली, त मले संग कोन नेईन?"

इतकी वर्षं नोकरी करून मीही पार थकलो होतो. त्यांच्याशी खोटं बोलवेना.

"कोणी नाही नेत, वहिनी," मी म्हणालो.