गोळ्यांच्या डब्याचं गाऱ्हाणं

देवावर माझा विश्वास नव्हता असं नाही. पण माझ्यासारखीचं गाऱ्हाणं तो कशाला ऐकून घेईल, असा प्रश्न त्या दिवसांत मला पडला होता, आणि त्याला कारण मीच होते. आज लिहायला बसले आहे ते मन हलकं करायला नव्हे. हलकं व्हायचं तेवढं झालं. उरलेलं ओझं माझंच आहे आणि ते मी वागवीन.

मसुऱ्याच्या अलीकडे आमची वाडी. घरात देव्हाऱ्याखाली बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा असायचा. त्यात उरलेल्या गोळ्या. डॉक्टरांनी पाच दिवसांचं औषध दिलं तरी तिसऱ्या दिवशी माणसाला बरं वाटायचं, मग राहिलेल्या दोन टाकायच्या कशा? अन्न टाकू नये तसं औषधही टाकू नये, असा आमच्याकडचा न्याय. शेजारीपाजारीही आपल्या उरलेल्या गोळ्या माझ्याकडे आणून द्यायचे. कुणाचा घसा धरला, कुणाला कणकण आली, की मी दोन गोळ्या काढून द्यायची आणि वर कपाळाला आमच्या ग्रामदेवाचा, रवळनाथाचा अंगारा लावायची. माणूस उठून बसायचं. श्रेय अर्धं देवाला आणि अर्धं मला. "तुमच्या हाताक गुण आसा," असं कुणी म्हटलं की मी दिवसभर फुगलेली असायची.

माझी धाकटी जाऊ सुलभा मला 'डॉक्टरीणबाय' म्हणून चिडवायची आणि घसा दुखला की सगळ्यात आधी तीच हात पुढे करायची. वीस-बावीस वर्षं आम्ही एका चुलीवर काढली. भांडलो नाही असा आठवडा गेला नसेल, पण माझे यजमान गेले तेव्हा माझी अन्नावरची वासना उडाली होती, आणि महिनाभर सुलभाने मला लहान मुलासारखं हाताने भरवलं. तो उजवा हात मला अजून दिसतो. बोटं आखूड, तळवा रुंद. नारळ खवावा तर तिनेच; करवंटीचा काळा कण म्हणून कधी खोबऱ्यात येणार नाही.

चतुर्थीच्या आदल्या दिवशी मोदकांसाठी नारळ खवताना तिच्या उजव्या हाताचं बोट आडाळ्यावर कापलं. आमच्याकडे विळीला आडाळो म्हणतात. हळद दाबली आणि पुन्हा कामाला लागली. गणपती घरात असताना कुणाला वेळ असतो? दोन दिवसांनी हात लाल होऊन सुजला, ताप भरला. मी डबा उघडला. घशाला देत असे त्याच जातीच्या चार गोळ्या मिळाल्या. तीन दिल्या, ताप उतरला, आणि चौथी मी पुन्हा डब्यात टाकली. पुढे कुणाला तरी लागेल म्हणून! त्या चौथ्या गोळीची आठवण झाली की आजही माझा मला राग येतो. विसर्जन झालं आणि दुसऱ्या दिवशी सुलभाचा हात मनगटापर्यंत जांभळा पडला, कातडीवर फोड आले, ती बरळायला लागली.

भावजी, म्हणजे सुलभाचे यजमान, गाडी आणायला गेले तेवढ्यात मी देवळात धावले. गुरवबाबांनी देवापुढे गाऱ्हाणं घातलं. नेहमीप्रमाणे शेवटी म्हणाले, "काय चुकला-माकला असात ता देवाक मनातल्या मनात सांग." मी डोळे मिटले. तिला बरं कर, एवढंच सांगितलं. डब्याचं नाव मनातही घेतलं नाही.

गोव्याच्या मोठ्या इस्पितळात तरुण डॉक्टरांनी दोन गोष्टी विचारल्या. कुठल्या औषधाचा त्रास होतो का? भावजींनी सांगितलं, लहानपणी पेनिसिलिनच्या इंजेक्शनाने तिचं सगळं अंग सुजलं होतं. आणि आधी घरी कुठल्या अँटिबायोटिक गोळ्या घेतल्या आहेत का? भावजींना डब्यातल्या गोळ्यांचं काही माहीत नव्हतं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. वाडीची डॉक्टरीणबाय मी. तोंडातून निघून गेलं, "नाही हो, काहीच नाही." इतकं सहज, की मलाच क्षणभर ते खरं वाटलं.

त्यांनी पेनिसिलिनच्या जातीची औषधं टाळली आणि दुसरी सुरू केली. हात चिरून पू काढला, तपासणीला पाठवला. त्याचा निकाल यायला दिवस लागणार होते. एक दिवस गेला, दुसरा गेला. ताप हटेना. सुलभा भावजींनाही ओळखेना. मी बाहेरच्या बाकावर बसून जप करत होते आणि जप करताना मला स्वतःचीच किळस येत होती. देवाला नारळ कबूल केला, ओटी कबूल केली, उपास कबूल केले. जे कबूल करायला हवं होतं तेवढं सोडून सगळं कबूल केलं.

तिसऱ्या दिवशी सकाळी बाकावर माझ्या शेजारी एक म्हातारी येऊन बसली. सुती झगा, गळ्यात बारीक क्रूस, मांडीवर पेजेचा डबा. तिचा नवरा आतल्या वॉर्डात होता. बोली आमच्याकडचीच. "कित्या रडतंस गो बाय?" तिने विचारलं. सख्ख्या माणसाला जे सांगता आलं नाही ते त्या परक्या बाईला मी सांगून टाकलं. डबा, गोळ्या, डॉक्टरांना दिलेलं उत्तर, सगळं. देवाला सांगायचंही धाडस झालं नाही, असंही म्हणाले. ती ना दचकली ना तिने मला बोल लावला. पेजेचं झाकण घट्ट करत म्हणाली, "देवाक सगळा म्हायत आसता गो. डॉक्टर काय देव नाय. तेका सांगूक व्हया." आणि माझ्या पाठीला हात लावून मला चक्क उठवलं. "जा. आत्ताच जा."

मी गेले. भावजी तिथेच उभे होते, त्यांच्यासमोर सांगितलं. डॉक्टर रागावतील असं वाटलं होतं, पण ते लगेच फोनवर कुणाशी तरी बोलले. मग मला समजेल असं सांगितलं. या जंतूला पेनिसिलिन सहसा लागू पडतं, पण तिच्या त्रासामुळे ते देता आलं नव्हतं. आता दिसतंय ते असं, की मी दिलेल्या गोळ्यांना हे जंतू सरावलेले असावेत, आणि गेले दोन दिवस त्यांनी दिलेलं औषध त्याच गोळ्यांचं भाऊबंद होतं. एकाला न जुमानणारे जंतू बऱ्याचदा दुसऱ्यालाही जुमानत नाहीत. त्यांनी निकालाची वाट न पाहता औषध बदललं. पुढे तपासणीत तसंच निघालं. पण मेलेलं मांस औषधाने जिवंत होत नाही. त्याच दिवशी दुपारी, जीव वाचवायला, सुलभाचा उजवा हात कोपराखाली काढावा लागला.

"पहिल्याच दिवशी सांगितलं असतं तर?" मी डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, "कदाचित वाचला असता." त्यांनी तो शब्द माझ्यावर दया करूनच वापरला, हे मला कळलं.

भावजी आठवडाभर माझ्याशी बोलले नाहीत, आणि सुलभाला त्यांनी माझ्या खोट्या उत्तराबद्दल काही सांगितलंही नाही. ते माझ्यावर सोडलं. म्हातारीला पेज द्यायला, पाया पडायला मी दोनदा वॉर्डात शोधून आले. तिच्या नवऱ्याच्या पलंगावर दुसरंच माणूस होतं. तिचं नावही मी विचारलं नव्हतं.

सुलभा घरी आली. डबा मी रिकामा केला, पण डॉक्टरांपासून दोन दिवस लपवलं, हे तिला सांगायला माझी जीभ उचलेना. मी नारळ खवायची, ती बाजूला बसून काळे कण वेचायची. डाव्या हाताने. एकदा म्हणाली, "वयनी, तुमी सांगलास म्हणान मी वाचलंय, असा हे म्हणाले." मी चुलीकडे तोंड फिरवलं आणि रडले.

देवदिवाळीनंतर देवळात वर्षाची गाऱ्हाणी होती. मी आधीच गुरवबाबांना गाठून सगळं सांगितलं आणि म्हटलं, या खेपेला मनातल्या मनात नको, मोठ्याने घाला. सगळी वाडी जमली होती. सुलभा माझ्या शेजारी उभी होती, तिला अजून काही ठाऊक नव्हतं. बाबांनी नारळ हातात धरला.

"बा रवळनाथा म्हाराजा, ह्या लेकीन डॉक्टराक खोटा सांगल्यान. दोन दीस आपली चूक लपयल्यान, आणि तेच्यापायी जावेचो हात गेलो. ती चूक आज तुझ्या पायाकडे ठेवता. तिका पदरात घे म्हाराजा!"

दरवेळी अशा बोलण्यावर सगळे एका सुरात "व्हय म्हाराजा" म्हणतात. त्या दिवशी कुणाच्या तोंडून शब्द फुटेना. मी खाली मान घालून उभी होते. माझ्याजवळ मागायला काही उरलं नव्हतं, आणि प्रथमच मी देवासमोर काही न मागता उभी राहिले. जे होईल ते त्याचं, असं खरोखर वाटलं.

मग शेजारून एकटा आवाज आला. "व्हय म्हाराजा." सुलभाचा. रडवेला, पण सगळ्यांना ऐकू जाईल असा. तिच्यामागून वाडीने सूर धरला. नमस्काराला मी हात जोडणार तेवढ्यात तिने माझा उजवा हात ओढून घेतला, आपला डावा तळवा त्याला टेकवला, आणि आम्ही दोघींनी मिळून एक नमस्कार केला.