आजोबांची वाचा जाते

माझे भावोजी, म्हणजे थोरल्या बहिणीचे यजमान, चौतीस वर्षं टीव्हीवर दिसले आणि त्यांचं नाव आजही कुणाला ठाऊक नाही. दुकानात, बँकेत, दवाखान्याच्या रांगेत लोक त्यांच्याकडे बघतात, कपाळाला आठ्या घालतात आणि म्हणतात, "तुम्हाला कुठंतरी पाहिलंय." एकदा एका बाईंनी विचारलं, "तुम्ही पाणीपुरवठ्याच्या ऑफिसात होतात ना?" भावोजी म्हणाले, "होतो." ते खरंच होतं, टीव्हीत येण्याआधी ते तिथे कारकून होते. त्या बाईंनी मग अडकलेल्या नळजोडणीवरून त्यांना पंधरा मिनिटं झापलं. नोकरी सोडून एकवीस वर्षं झाली होती, तरी यांनी खाली मान घालून माफी मागितली. मला असला राग येतो अशा भलेपणाचा!

टीव्हीत ते आले तेही त्या ऑफिसामुळेच. कुठल्याशा मालिकेचं शूटिंग तिथे चाललं होतं. कारकुनाचं काम करणाऱ्या नटाला शिक्का मारता येईना. तो हळुवारपणे, बाळाला थोपटावं तसा शिक्का मारत होता. शेजारच्या टेबलावरून भावोजींना राहवलं नाही. "अहो, एवढ्या प्रेमानं कोण मारतं शिक्का?" असं म्हणून त्यांनी सहा कागदांवर धडाधड शिक्के उडवून दाखवले. दिग्दर्शकानं त्या नटाला उठवलं आणि यांना बसवलं. दोन वर्षांनी यांनी नोकरी सोडली तेव्हा आमचे वडील ताईला म्हणाले, "पोरी, तुला सरकारी जावई बघून दिला होता गं."

नायक ते कधीच झाले नाहीत. नायकाकडे वाईट बातमी घेऊन जाणारा माणूस, ही त्यांची जागा. डॉक्टर, वकील, न्यायाधीश, पोस्टमास्तर, मुलीचं लग्न मोडणारा काका. पण तीन वाक्यांचा शिंपी असला तरी हा माणूस चार दिवस शिंप्याच्या दुकानात जाऊन बसायचा. माझं चष्म्याचं दुकान. चष्मेवाल्याची भूमिका मिळाली तेव्हा ते माझ्याकडे आठवडाभर बसले, आणि त्या आठवड्यात गिऱ्हाइकं मला सोडून त्यांनाच विचारायला लागली, "साहेब, ही फ्रेम चेहऱ्याला शोभेल ना?" मी आपला कोपऱ्यात काचा पुसत.

त्यांना गर्व होता फक्त एका गोष्टीचा. रोजच्या मालिकेत संवादाचे कागद त्याच दिवशी सकाळी हातात पडतात, पाठ करायला वेळ नसतो. म्हणून कॅमेऱ्यामागून साहाय्यक एकेक वाक्य वाचते आणि नट ते उचलतो. सगळेच उचलतात, त्यात कमीपणा नाही. भावोजींनी चौतीस वर्षांत एक वाक्य उचललं नाही. "उसनं वाक्य तोंडात घोळतं रे, पोटात उतरत नाही," असं म्हणायचे.

माझ्या मुलानं दुकान सांभाळायला घेतल्यापासून त्यांना शूटिंगला नेण्या-आणण्याचं काम माझ्याकडे आलं. साहाय्यक आदल्या संध्याकाळी खास यांच्यासाठी कच्चे कागद पाठवायची, आणि गाडीत आमची तालीम चालायची. समोरची सगळी पात्रं मी. टक्कल पडलेला, पोट सुटलेला मी सिग्नलला थांबून लाडात म्हणायचो, "आजोबा, माझं ऐका ना!" शेजारचा स्कूटरवाला घाबरून गाडी पुढे घ्यायचा.

आजोबांची ही भूमिका त्यांची सगळ्यात मोठी. तीन वर्षं चाललेली मालिका, एकत्र कुटुंब, आणि त्यात मधोमध आजोबा. त्याच तिसऱ्या वर्षी मला जाणवायला लागलं की गाडीत जी ओळ सहज यायची ती सेटवर पोचेपर्यंत निसटते. मी म्हटलं, वय झालं. सत्तरीत माझ्याही चाव्या हरवतील.

मग तो दिवस आला. नात परदेशी निघाली आहे, आजोबा तिच्या डोक्यावर हात ठेवून म्हणतात, "जा बाळा, पोचलीस की फोन कर." एवढंच. सकाळी गाडीत दहा वेळा म्हटलेलं. कॅमेरा चालू झाला. भावोजींनी नातीच्या डोक्यावर हात ठेवला, डोळे भरून तिच्याकडे पाहिलं, आणि भारदस्त आवाजात म्हणाले, "आरोपीला आपल्या बचावासाठी काही सांगायचं आहे?"

वीस वर्षांपूर्वीच्या न्यायाधीशाची ओळ होती ती. शब्दन् शब्द बरोबर.

सेटवर हास्याचा स्फोट झाला. नात झालेली मुलगी तर खाली बसून हसली. आजोबांनी काय गंमत केली म्हणून दिग्दर्शकानं टाळ्या वाजवल्या. भावोजीही हसले. पण हसायच्या आधी त्यांनी सगळ्यांचे चेहरे एकदा बघून घेतले, आणि हे फक्त मला दिसलं. येताना गाडीत ते एवढंच म्हणाले, "ताईला हा विनोद सांगू नकोस हं." मी नाही सांगितला.

तीन आठवड्यांनी नवे कागद आले. आजोबांना झटका येतो आणि त्यांची वाचा जाते. यापुढे खुर्ची आणि गप्प बसणं.

घरी भावोजींची तळपायाची आग मस्तकात गेली. "चौतीस वर्षं! चौतीस वर्षं बोललो, आता ही कालची पोरगी मला मुका करते!" टेबलावर हात आपटला तसा चहा सांडला. पोरगी म्हणजे मालिकेची लेखिका. चांगली चाळिशीची आहे. ताई घाबरली. तिनं मला बाजूला घेतलं. "अरे, बोलणं काढून घेतलं तर हा माणूस जगेल कसा? जा आणि त्या बाईला सांग. हात जोड, पाया पड, काहीही कर."

मी गेलो. लेखिका मेकअपच्या खोलीत आरशापुढे लॅपटॉप ठेवून बसली होती. मी सुरुवात करायच्या आधीच तिनं दार लावून घेतलं.

"तेच आले होते माझ्याकडे," ती म्हणाली. "त्या आरोपीच्या दिवसानंतर. आधी एकटेच डॉक्टरकडे जाऊन आले. विसरण्याचाच आजार आहे, आणि तो वाढणार आहे. मला म्हणाले, मला काढू नका, माझे शब्द काढा. गप्प बसायचं काम मी चांगलं करीन. आणि म्हणाले, घरी मी तुमच्या नावानं शंख करणार आहे, तेवढं मनावर घेऊ नका. बायकोला कळलं तर ती मला घराबाहेर सोडणार नाही."

मी तिथल्याच स्टुलावर बसून रडलो. लाज कसली त्यात? सांडलेला चहा, आपटलेला हात, सगळं सोंग, आणि तेही एकाच प्रेक्षकासाठी. मेलेल्या माणसाची बातमी सांगायला शंभर वेळा गेलेला हा गृहस्थ, स्वतःच्या बातमीबद्दल मात्र त्यानं ताकास तूर लागू दिली नाही.

घरी जाऊन मी ताईला सांगितलं की चॅनेलचा हुकूम आहे, बाईच्या हातात काही नाही. भावोजी पेपराआडून म्हणाले, "बघितलंस? आणि म्हणे लेखिका!" माझ्याकडे त्यांनी पाहिलंसुद्धा नाही. मी उगाच जास्त बोललो, खोटं बोलताना मी नेहमीच बोलतो.

ताईला ते पटलं नाही. चौथ्या दिवशी ती चपला घालून गाडीशी उभी. "मीच येते. बघते ती कशी ऐकत नाही." भावोजी म्हणाले, "कशाला उगीच?" मी म्हणालो, "आज ती येणारच नाहीये." "नसेल तर थांबेन," ताई म्हणाली आणि मागच्या सीटवर बसली. भावोजींच्या मानेवर घाम दिसत होता. त्यांचं सगळं आता तिच्या त्या एका भांडणावर अवलंबून होतं. तिला खरं कळलं की उद्यापासून घर, औषधाचा डबा आणि खिडकी.

सेटवर ताईला कॅमेऱ्याजवळच खुर्ची मिळाली. प्रसंग साधा होता. नात परत येते, आजोबांच्या पायाशी बसून सगळं बोलते. आजोबांनी ऐकायचं, आणि ती "मी चुकले" म्हणाली की मान वळवून तिच्याकडे बघायचं. भावोजी ऐकत होते. मी नाटक-सिनेमातला जाणकार नाही, पण इतकं लक्ष देऊन ऐकणारा माणूस मी पाहिला नाही. लाइटवालेसुद्धा जागच्या जागी उभे होते. आणि नात "मी चुकले" म्हणायच्या क्षणी, कॅमेऱ्याला दिसणार नाही अशा बेतानं, जमिनीवर बसलेल्या साहाय्यक बाईंनी भावोजींच्या घोट्यावर बोटानं दोनदा टकटक केलं. तेव्हा त्यांनी मान वळवली.

ताईच्या खुर्चीतून ते बोट सरळ दिसत होतं. मी तिच्याकडे पाहिलं. ती त्या घोट्याकडेच बघत होती.

शॉट संपला. ताई उठली आणि तडक लेखिकेकडे चालू लागली. मी मागून धावलो. भावोजी खुर्चीतच, आजोबांच्या शालीत, हातांच्या मुठी आवळून.

ताईनं लेखिकेचा हात हातात घेतला. मग अगदी हळू म्हणाली, "मालिका किती दिवस चालेल?"

"चालवू तेवढी चालेल," लेखिका म्हणाली.

"चालवा. आणि मला काही दिसलेलं नाही, असंच राहू द्या." मग तिनं वळून, सगळ्या सेटला ऐकू जाईल एवढ्या आवाजात सुरू केलं, "शोभतं का तुम्हाला हे? एवढ्या मोठ्या नटाला मुकं करून बसवलंत!" लेखिकेनं मान खाली घालून सगळं ऐकून घेतलं. भावोजींच्या मुठी सुटल्या.

परतताना गाडीत दोघंही लेखिकेवर तुटून पडले होते. हे एक बोलायचे, ताई दोन बोलायची. "काडीची अक्कल नाही," हे म्हणायचे. "कुणी हिला लेखिका केली," ती म्हणायची, आणि तिचा हात मागच्या सीटवरून पुढे येऊन त्यांच्या खांद्यावर होता. मला समोरचा रस्ता नीट दिसत नव्हता. मी गाडी हळू चालवली आणि अधूनमधून म्हणत राहिलो, "बरोबर आहे तुमचं. अगदी बरोबर आहे."