खिडकीपेक्षा लांब रॉड

सासूबाईंना मी आत्या म्हणते. मागच्या वर्षी त्या ओटीवर घसरल्या, खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं आणि त्यांची खाट पुढच्या खोलीत खिडकीखाली आली. ही खिडकी धसईच्या रस्त्यावर उघडते. बाजाराला जाणारं माणूस आत हाक मारल्याशिवाय पुढे सरकत नाही. "काय गो म्हातारे, उठलीस का नाय?" "उठते ना, तुज्या पोराच्या हलदीत नाचाया!" असं दिवसभर चालायचं. फक्त खालच्या आळीतली त्यांची एक लांबची नणंद आली की आत्यांचा चेहरा पडायचा. खुबा मोडून कोण कोण गेलं, याची यादी तिला तोंडपाठ.

पंचाईत व्हायची ती अंघोळीच्या वेळी. आत्यांना खाटेवरच पुसून काढावं लागे. दोन खिळ्यांना जुनं लुगडं अडकवून मी आडोसा करायची, आणि नेमका तेव्हाच वारा सुटायचा. एकदा लुगडं सुटून खाली आलं, तेव्हा बाहेर प्रवाशांनी भरलेली जीप उभी होती. आत्या भिंतीकडे तोंड करून पडून राहिल्या. मला ते इतकं लागलं की त्याच दुपारी एसटी धरून मी मुरबाडला गेले.

दुकानदाराने रॉड काढून दाखवले. टोकांना पितळी कळ्या बसवलेला एक मला बघताक्षणी आवडला.

"खिडकी केवढी, ताई?"

"चार फूट. शिलाईच्या टेपनं दोनदा मोजलीय."

"मग सहाचा घ्या. पडदा उघडला की गोळा होऊन बसतो, त्याला दोन्ही बाजूंना भिंतीवर जागा लागते."

मला वाटलं, हा दोन फूट जास्तीचे गळ्यात मारतोय. "खिडकी माझी की तुमची?" असं त्याला ऐकवून मी बरोब्बर चार फुटांचा घेऊन आले. माझा स्वभावच असा आहे. कुणी शहाणपण शिकवायला लागलं की मी मुद्दाम उलट्या दिशेला जाऊन बसते.

ह्यांनी शेजारून ड्रिल मशीन आणून रॉड बसवला. पोपटी पानांचा जाड पडदा लागला आणि खोलीचं रूपच पालटलं. अंघोळीच्या वेळी पडदा ओढला की वाऱ्याची भीती नाही, रस्त्याची नाही. मी स्वतःवर जाम खूश होते.

आठ-दहा दिवसांत बाहेरच्या हाका कमी झाल्या. भातकापणी चालू होती, लोक कामात असतील म्हणून मी तिकडे लक्ष दिलं नाही. मग एका सकाळी भाजी घेऊन बाजाराला जाणारी शेजारीण मागच्या दारानं आली आणि कुजबुजत म्हणाली, "म्हातारी लय शिरियस हाय काय गो? खिडकीत दिसं नाय. आमी सगली हलू बोलतो रस्त्यानं, तिची झोप मोडाया नको म्हनून."

मी तडक पुढच्या खोलीत गेले आणि आत्यांच्या उशीला डोकं लावून बाहेर पाहिलं. पडदा उघडाच होता. पण उघडून तो जाणार कुठे? खिडकीच्या दोन्ही कडांना वीत-वीतभर गठ्ठा होऊन बसला होता, आणि त्यातला एक नेमका उशीपुढे. आत्यांना रस्त्याचं वळण दिसत नव्हतं आणि रस्त्याला आत्यांचं तोंड. इतके दिवस ती बाई नुसती पोपटी पानं बघत पडली होती.

"आत्या, सांगायचं नाही का?"

"तू हौसेनं आनलास. आनि आंघोलीला बरा पडतं," त्या म्हणाल्या.

मला रडू आलं, आणि रडू आलं की मला राग येतो. दुसऱ्या दिवशी पुन्हा मुरबाड गाठलं. दुकानदाराने मला ओळखलं. "सहाचा?" एवढंच त्याने विचारलं, हसलासुद्धा नाही. हसला असता तर बरं झालं असतं, निदान मला भांडता तरी आलं असतं.

नवा रॉड पार कॅलेंडरपर्यंत पोचला. "पडदा खिडकीला लावलायस की भिंतीला?" असं ह्यांनी चिडवून घेतलं. मी लक्ष दिलं नाही. पडदा दोन्हीकडे भिंतीवर सरकला आणि चौकटीतून सगळा रस्ता दिसायला लागला, वळणापासून पुलापर्यंत. पहिली हाक संध्याकाळच्या आतच आली. आत्यांनी तिला असं खणखणीत उत्तर दिलं की मला स्वयंपाकघरात ऐकू आलं. त्या दिवशी मी कितीतरी दिवसांनी चहा निवांत बसून प्यायले.

पुढच्या बाजाराच्या दिवशी मी तांदूळ निवडत बसले होते. खाटेवरून एकदम हुकूम सुटला, "गो, ओढ पडदा! लवकर!"

मी धावत जाऊन ओढला. फटीतून पाहिलं, तर वळणावरून खालच्या आळीतली नणंद येत होती. ती खिडकीशी थांबली, "झोपलीय वाटतं," असं हळूच पुटपुटली आणि पुढे गेली. आत खाटेवर आत्या तोंडात पदर कोंबून हसत होत्या, खाट गदगदा हलत होती.

"गेली काय?"

"गेली."

"मंग उघड," आत्या म्हणाल्या. "सगला उघड."