सातवं प्रकरण कुठंय?

तुमच्या विहिरीखालच्या जमिनीत काय मुरू द्यायचं आणि काय नाही, हे ज्या कागदावर ठरतं, तो कागद तुमच्यापैकी कुणी कधी वाचलाय? मी वाचलाय. मी तो टाइप केलाय. म्हणून आज बहरीनमधल्या गुदैबिया भागात, तिसऱ्या मजल्यावरच्या घरात बसून, गावी राहिलेल्या तुम्हाला आणि माझ्यासारखं गाव सोडून आलेल्यांनाही हे लिहिते आहे.

मी निघाले त्या दिवशी पपा विमानतळावर आले नाहीत. सत्तरचं दशक संपत आलं होतं. वसईतल्या आमच्या घराच्या पडवीत त्यांचं पायानं चालवायचं छपाईचं ट्रेडल मशीन चालू होतं, आणि रविवारी चर्चमध्ये मिस्सानंतर वाटायची पत्रकं अर्धीच छापून झाली होती. विहिरींवर बसवलेल्या मोठाल्या मोटारी गोडं पाणी उपसतात आणि खालून खारं पाणी वर येतं, असं त्या पत्रकात होतं. पपा लग्नपत्रिका छापून घर चालवायचे आणि पत्रकं छापून गावाशी भांडायचे. निरोप द्यायला ते दारापर्यंत आले, माझी निळी बॅग उचलून पाहिली, आणि शाईच्या अंगठ्याचा ठसा तिच्यावर ठेवून परत मशीनकडे गेले. जाताना एवढंच म्हणाले, "फिलू, तिकडे काही कर. पण खाली नाव घालायला लाज वाटेल असं काही छापू नकोस."

हे त्यांचं जुनंच वाक्य होतं. मी छपाईचे खिळे जुळवायला शिकले तेव्हापासून ऐकत होते. पत्रकाच्या तळाला मुद्रकाचं नाव नसेल, तर ते पत्रक नव्हे, कुंपणाआडून मारलेला दगड. मी उलटी अक्षरं आधी वाचायला शिकले आणि सुलटी नंतर, असं आई हसून सांगायची. बावीस वर्षांची होईपर्यंत मी पुस्तकांपेक्षा पत्रकंच जास्त वाचली असतील.

बहरीनमध्ये माझी मावशी नर्स होती. तिच्याच खोलीत माझी खाट पडली. राजधानी मनामातल्या एका इंजिनिअरिंग कंपनीत मला टायपिस्टची नोकरी मिळाली. एसी इतका गार, की बाहेर डांबर वितळायचं आणि आत मी स्वेटर घालून बसायचे. आमचे साहेब लार्सन. साठीकडे झुकलेले, उजव्या हाताच्या दोन बोटांची टोकं नसलेले. ती टोकं थंडीनं नेली होती. बहरीनला येण्याआधी साहेबांनी उत्तरेच्या पार टोकाला, जिथं हिवाळ्यात सूर्य उगवतच नाही तिथं, तेलाच्या पाइपलाइनवर बरीच वर्षं काढली होती. त्यांच्या टेबलाच्या काचेखाली तिथले फोटो होते. बर्फावर खांब, खांबांवर पाइप. एकदा मी विचारलं, पाइप जमिनीत का पुरला नाही? ते खुशीत आले. म्हणाले, तिथली जमीन खोलवर गोठलेली असते, तेल असतं गरम. पाइप पुरला तर जमीन वितळून खचते. काही ठिकाणी तर पाइप मुद्दाम आणखी उंच घेतला, रेनडिअरचे कळप खालून जावेत म्हणून. तिथं गाडीच्या चाकाची खूणसुद्धा वर्षानुवर्षं बुजत नाही, म्हणून पाऊल जपून टाकावं लागतं. हे सांगताना त्यांचा आवाज आमच्या फादरांसारखा व्हायचा.

मग माझ्याकडे ते काम आलं. बेटाच्या उत्तर किनाऱ्याला, खजुरांच्या बागांना लागून, तेलाच्या टाक्यांचं एक यार्ड होणार होतं. त्यासाठी नियमांचं पुस्तक हवं होतं. नवं लिहायला वेळ कुणाला? साहेबांनी उत्तरेतलं जाडजूड पुस्तक माझ्यासमोर ठेवलं. त्यात लाल पेन्सिलीनं खुणा केल्या होत्या. बर्फाच्या जागी वाळू, थंडीच्या जागी उष्णता, आणि जिथं पानावर आडवी रेघ असेल ते पान गाळायचं. ही कंपनीची नेहमीची पद्धत होती. एका देशाचं पुस्तक दुसऱ्या देशाच्या मापाचं करून घालायचं, थोरल्याचा सदरा धाकट्याला घालतात तसं.

मी यंत्रासारखं टाइप करत गेले आणि एक घोटाळा केला. 'प्रत्येक शिफ्टमध्ये एका कामगाराने अस्वलांवर नजर ठेवावी', हे वाक्य तसंच बहरीनच्या पुस्तकात गेलं. ते पहिल्यांदा सापडलं कंपनीची पिकअप चालवणाऱ्या सावंतकाकांना. मालवणकडचे. कागद पोचवायला आले की चष्मा लावून इंग्रजी वाचायची त्यांना हौस होती.

"काय गो पोरी, जुलयात हय अस्वल खंयसून येतला?"

"चुकून राहिलं, काका."

"ऱ्हवां दे, ऱ्हवां दे. इलाच तर माका सांग. पिकपात घालून समुद्रार न्हेतंय, बिचाऱ्याक उकडत असतला."

दोघंही खूप हसलो. पण ते वाक्य काढायला बसले तेव्हा पहिल्यांदाच मी पुस्तक वाचायला लागले, नुसतं टाइप करायचं सोडून. आणि सातव्या प्रकरणाशी थांबले. टाक्या धुतलेलं तेलकट पाणी ज्या खड्ड्यात सोडायचं, त्या खड्ड्याला तळाशी पाणी न झिरपणारं अस्तर हवं. चारही बाजूंना तपासणीच्या विहिरी हव्यात. दर महिन्याला त्यांचं पाणी तपासायचं, आणि निकाल शेजारच्या गावात, गावाच्या भाषेत लावायचा. या साऱ्या प्रकरणावर, पहिल्या पानापासून शेवटच्यापर्यंत, लाल आडवी रेघ होती.

त्या शुक्रवारी सावंतकाका मला आणि मावशीला ती जागा दाखवायला घेऊन गेले. जमिनीत खुंट्या ठोकलेल्या, खुंट्यांना लाल फडकी. खुंट्यांच्या पलीकडे एका हाजींची बाग. बागेत जमिनीतून आपोआप वर येणारा गोड्या पाण्याचा झरा होता, त्याला ते लोक 'ऐन' म्हणतात. झऱ्यातून निघालेला पाट खजुरांच्या बुंध्यांमधून वळत वळत गेला होता. आमच्या घरामागचं बावखल, गोड्या पाण्याचं ते तळं, मला इतकं आठवलं, की मी न विचारताच पाण्यात पाय सोडले. हाजींनी खजुरांचं ताट पुढे केलं. सावंतकाकांनी मोडक्यातोडक्या अरबीत विचारलं, शेजारी काय होणार ठाऊक आहे का? हाजी म्हणाले, टाक्या होणार, नातवाला नोकरी मिळेल, इंशाल्ला. पाण्याचं कुणी काही बोललं का? त्यांनी हात हलवला. मफी. कुणीच नाही.

शनिवारी साहेबांनी मला केबिनमध्ये बोलावलं. अस्वल त्यांच्याही नजरेला पडलं होतं.

"हे पान काढ," ते म्हणाले.

"काढलं, सर. इथं अस्वलं नाहीत. पण पाणी आहे. मग सातवं प्रकरण का काढायचं?"

त्यांनी तुटक्या बोटांनी पेन्सिल फिरवली. मग म्हणाले, "ते प्रकरण मीच लिहिलंय, तुला माहितेय? तिथल्या लोकांनी मागितलं म्हणून लिहिलं. एक म्हातारी तीन दिवस सभेला येऊन बसली. रोज एकच प्रश्न, तिच्या भाषेत. दुभाषी थकला, ती थकली नाही. इथं कुणी मागितलेलं नाही."

"इथं कुणाला विचारलं होतं का, सर?"

त्यांनी पुस्तक माझ्याकडे सरकवलं. म्हणाले, "आठव्याला सातवं कर, नवव्याला आठवं. अनुक्रमणिका नव्यानं टाइप कर. उद्या संध्याकाळपर्यंत."

म्हणजे पान गाळायचं आणि गाळलेली जागाही पुसून टाकायची. कुणाला कधी कळूच नये की इथं काही होतं. आणि ऑफिसच्या रिवाजाप्रमाणे प्रत्येक पानाच्या तळाशी, डाव्या कोपऱ्यात, आधी साहेबांची आद्याक्षरं आणि तिरक्या रेघेपुढे टायपिस्टची. माझी. पी. डी., फिलोमिना डाबरे. पपांचा नियम समुद्र ओलांडून माझ्या टेबलावर येऊन बसला होता.

मावशी ड्युटीला निघायच्या घाईत होती. मी सांगितलं तेव्हा तिनं पिन तोंडातून काढून टोपीला लावली आणि म्हणाली, "बापाची प्रेस तिकडे आणि खिळे सगळे तुझ्या डोक्यात! फिलू, तुझा व्हिसा त्या कंपनीचा आहे. नोकरी गेली की व्हिसा खलास. पुढच्या महिन्यात गावच्या ओट्यावर बसून पत्रकांच्या घड्या घालशील."

"घालीन," मी म्हटलं. तोंडानं म्हटलं, पण मनात हिशेब सुरू झाला होता. माझ्या पगारावर धाकट्या बहिणीचं कॉलेज चाललं होतं, हे मावशीला ठाऊक होतं आणि मलाही.

दुसऱ्या दिवशी मी अनुक्रमणिका टाइप केली. सहाव्या प्रकरणाखाली लिहिलं: 'प्रकरण सात: सांडपाणी आणि जमिनीखालचे पाणी. या प्रतीतून काढले आहे.' त्याखाली आठ. तळाशी माझी दोन अक्षरं. एकही खोटा शब्द नाही, एकही चोरी नाही. कार्बनच्या चारही प्रतींसह कागद साहेबांच्या टेबलावर ठेवला.

ते ओरडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी नुसतं वाचलं आणि मला वही आणायला सांगितली. मग एक पत्र तोंडी सांगितलं. मी लिहून घेत गेले आणि तिसऱ्या ओळीत कळलं, की हे मला कामावरून कमी केल्याचं पत्र आहे. शेवटी त्यांनी एक ओळ घातली: हिला दुसरीकडे नोकरी धरायला कंपनीची हरकत नाही. ती ओळ घालायचं त्यांना काही कारण नव्हतं. माझं बडतर्फीचं पत्र मीच टाइप केलं आणि तळाला माझीच अक्षरं घातली. ते पत्र अजून माझ्याकडे आहे. त्या ऑफिसात टाइप केलेल्या हजारो पानांपैकी एवढं एकच मी जपून ठेवलंय.

त्या एका ओळीच्या जोरावर मला एका हॉस्पिटलच्या रेकॉर्ड खात्यात जागा मिळाली आणि मी बहरीनमध्ये राहिले. पपांना सगळं कळवलं. त्यांचं पोस्टकार्ड आलं, त्यात दोनच ओळी: 'अनुक्रमणिका उत्तम जुळली आहे. आईस सांगितलेले नाही.'

माझी अनुक्रमणिका छापली गेली नाही, हे सावंतकाकांकडून कळलं. माझ्या जागी आलेल्या मुलीनं आठचं सात केलं. तिच्यावर माझा राग नाही, तिच्याही घरी कुणाचं तरी कॉलेज असेल. यार्ड झालं. खड्डा झाला, अस्तराविना. आज आठ वर्षांनी हाजींच्या बागेत जा, झऱ्याच्या जागी कोरडा खळगा आहे आणि पाटात प्लास्टिकच्या पिशव्या. बरेच खजूर उभेच्या उभे वाळलेत. कुणी म्हणतं, शहराला पाणी लागतं म्हणून उपसा वाढला. कुणी म्हणतं, समुद्रात भराव घातला म्हणून. कुणी यार्डाकडे बोट दाखवतं. मी इथं छातीठोकपणे सांगणार नाही की खड्ड्यानंच झरा मारला. मला ठाऊक नाही. कुणालाच ठाऊक नाही, आणि माझा संताप नेमका इथंच आहे. दर महिन्याला पाणी मोजायचं, हे त्या सातव्या प्रकरणातच होतं. ते गाळलं, म्हणून मोजलं नाही. मोजलं नाही, म्हणून आता सगळे म्हणतात काही झालंच नाही.

बर्फातल्या लोकांचं पाणी जपायचं ज्ञान कंपनीकडे होतं. इथं आणायला ते जडही नव्हतं, एका पुस्तकात मावलं होतं. इथं पोचलं नाही ते फक्त एवढ्यासाठी, की तिथं एक म्हातारी तीन दिवस बसली होती आणि इथं कुणालाही बसायला बोलावलं नव्हतं.

मला इथले लोक विचारतात, तुझं घर कुठलं? इथंच जन्मलेली माझी मुलगी तर परस्पर सांगून टाकते, "मम्मी इज फ्रॉम वसई, आय ॲम फ्रॉम हिअर." पूर्वी मी बावखल आठवून हळवी व्हायचे. आता माझं उत्तर वेगळं आहे. जिथल्या पाण्याबद्दल जाब विचारायचा हक्क मी सोडणार नाही, ते माझं घर. म्हणून वसई माझं घर आहे. आणि पासपोर्ट काहीही म्हणो, हाजींचा कोरडा खळगाही माझं घर आहे.

गेल्या महिन्यात पपांचं पत्र आलं. अक्षर थरथरतं, ट्रेडल आता त्यांना ओढवत नाही. त्यांनी लिहिलंय की आपल्या खाडीकाठी कसल्याशा तेलाच्या टाक्या येणार आहेत. कंपनीचे लोक गावात सभा घेणार आहेत आणि तिथं एक पुस्तक दाखवणार आहेत, जाड, रंगीत चित्रांचं.

त्या सभेला जा. चहा-बिस्किटं खा, पण चित्रं बघत बसू नका. आधी अनुक्रमणिका उघडा. आकडे सलग दिसले तरी फसू नका, ते सलग कसे करतात हे मला माहीत आहे. विचारा की हे पुस्तक मूळ कुठल्या देशासाठी लिहिलं होतं, आणि त्या मूळ पुस्तकातली कुठली पानं इथं नाहीत. खड्ड्याचं अस्तर कुठंय, तपासणीच्या विहिरी कुठं आहेत, निकाल मराठीत कधी लागणार, ते विचारा. उत्तर मिळालं नाही तर दुसऱ्या दिवशी पुन्हा जाऊन बसा. तिसऱ्या दिवशीही. आणि प्रश्न नुसते तोंडी विचारू नका. कागदावर लिहून द्या, आणि खाली तुमचं नाव घाला.