काकूंच्या घरातली तमिळ

श्रीलंकेत आपलं सैन्य गेलं, तेव्हा मी कॉलेजात होते. भोपाळच्या कारखान्याच्या टाउनशिपमध्ये आमच्या शेजारी नागपूरच्या काकू राहायच्या. त्यांचा मुलगा सैन्यात होता आणि तिकडेच गेला होता. काकूंच्या समोरच्या क्वार्टरमध्ये तमिळ मामी होत्या. दोघींचं सख्य होतं.

सुरुवातीला ती मोहीम सगळ्यांनाच पटली होती. मग तिथल्या तमिळ बंडखोरांशीच लढाई जुंपली आणि जवान पडल्याच्या बातम्या येऊ लागल्या. मामींच्या यजमानांनी कारखान्याच्या गेटवर सभा घेतली, ‘सैन्य परत बोलवा.’

काकूंनी मामींशी बोलणं टाकलं. “माझं पोर तिथं लढून राहिलं, अन् हे इथं त्यालाच चूक ठरवतात!”

उन्हाळ्यात काकूंचा मुलगा सुट्टीवर आला. नीट जेवायचा, हसायचाही. पण दुपारी डोळा लागला की बडबडायचा. एकदा काकूंनी मला आत बोलावलं आणि कूलर बंद केला. तो निजल्या निजल्या, अगदी सावकाश, कुणा म्हातारीच्या आवाजात बोलत होता. शब्द एकही कळेना.

“तमिळ आहे का गं?” काकूंनी विचारलं. मग स्वतःच उठून मामींना घेऊन आल्या.

मामी खाटेशी बसून ऐकत राहिल्या. “हमारी तरफ की नहीं है,” त्या हळूच म्हणाल्या. “उधर की है.”

“क्या बोलता है?”

“कह रही है, बेटा, अंदर मत आना. बच्चे सोए हैं.”

‘कह रही है.’ काकूंनी खाटेची कड घट्ट धरली.

मामी वाकून त्याच्या कानाशी तमिळमध्ये काहीतरी बोलल्या. तो आवाज थांबला. मग त्यानं एकच शब्द उच्चारला. मामी चटकन मागे सरकल्या.

“मैंने कहा, अम्मा, ये चला जाएगा. उसने पूछा, कब?”

संध्याकाळी चहा पिताना मी त्याला विचारलं, “तुला तमिळ येते?”

“छे! ‘थांब’ आणि ‘हात वर’, एवढंच.”

सुट्टी संपली, तो परत गेला. गेटवरच्या पुढच्या सभेत काकू मामींशेजारी उभ्या होत्या. “जवानाची आई असून?” कुणीतरी टोकलं. “म्हणूनच,” काकू म्हणाल्या.

यथावकाश सैन्य परतलं. तोही धडधाकट आला. स्टेशनवर काकू त्याच्या गळ्यात पडून रडल्या. मामी मात्र, त्याच्यामागून आणखी कुणी उतरायचं असल्यासारख्या, गाडी सुटेपर्यंत डब्याच्या रिकाम्या दाराकडे बघत राहिल्या.