दोराच्या टोकाला भास्कर

सुभेदार म्हणून माझी शेवटची पोस्टिंग शिरपूरच्या वर, सातपुड्याच्या पायथ्याला झाली. उभी नोकरी बर्फात काढली आणि शेवटी सरकारने घरापासून एका एसटीच्या अंतरावर आणून टाकलं. मी पारोळ्याचा. बायको म्हणाली, आता रोज डबा पाठवीन. एकदाही पाठवला नाही.

ड्यूटी धवळ्याची होती. आमच्याकडे धवळं पोराटोरांनाही ठाऊक आहे, बाहेरच्यांसाठी सांगतो. उन्हाळ्यात सकाळी डोंगरात एखाद्या जागी पांढरा उजेड उतरतो. त्याच्या आत सावली पडत नाही आणि आपलाच हात आपल्याला दिसत नाही. होकायंत्र गरगरत राहतं. कान तेवढे चालतात. सूर्य मावळला की धवळं उठतं, आणि आत जे जिवंत असेल ते त्याच्याबरोबर जातं. माणूस, शेळी, कोंबडी, सगळं. खाटा आणि कपडे मागे राहतात. जातं कुठे, हे बघायला शास्त्रज्ञ येऊन गेले, भगतही येऊन गेले. दोघांनी चहा घेतला आणि परत गेले.

आमचं काम साधं. धवळं कुठे उतरलं ते शोधायचं आणि मावळतीच्या आत माणसं बाहेर काढायची. बहुतेक वेळा ते रिकाम्या रानात उतरे. मग कडेने खुंट्या ठोकून दिवसभर पहारा करायचा आणि भास्करची बडबड ऐकायची.

लान्स नायक भास्कर माझा रेडिओ ऑपरेटर. शिंदखेड्याकडचा. त्याची आई आठवडी बाजारात मिरची विकायची, आणि लहानपणी हा गोणीवर उभा राहून गिऱ्हाइकं बोलवायचा. सेट बंद असला तरी तुझं बोलणं हेडक्वार्टरला पोचतं, असं मी त्याला चिडवायचो. त्याचं लग्न ठरत होतं. मुलीचा फोटो दाखवून त्याने माझं मत विचारलं. मी म्हटलं, मुलगी छान आहे, तिला तुझा आवाज ऐकवला का?

एके दिवशी धवळं एका पाड्यावरच उतरलं. निरोप उशिरा मिळाला. आम्ही पोचलो तेव्हा दुपार कलली होती. मेगाफोनवर हिंदीत ऑर्डर दिली, आवाजाच्या दिशेने चला. कोणी आलं नाही. मेगाफोन दरीत घुमायचा आणि चारी बाजूंनी ऐकू यायचा. आमचा दोर पाड्यापर्यंत पुरत नव्हता. भास्कर म्हणाला, दोराचं टोक धरून आत जातो आणि तिथून ओरडतो. मी परवानगी दिली.

आत जाऊन त्याने बाजारातली हाक सुरू केली. "ल्या वो माय, मिरची ल्या. लाल मिरची ल्या."

पाड्यातली माणसं दर आठवड्याला बाजाराला उतरणारी. त्या हाकेकडे कसं चालायचं, हे त्यांना शिकवावं लागलं नाही. एकेक जण भास्करपर्यंत येई, तो त्याच्या हातात दोर देई, आणि दोर धरून माणूस बाहेर निघे. माझे जवान कडेला उभे राहून हसत होते. मीही हसलो.

सूर्य डोंगराला टेकत आला तेव्हा बाहेर आलेल्या माणसांनी सांगितलं, एक म्हातारी राहिली आहे. मी सेट घेतला.

"भास्कर, बाहेर ये. ओव्हर."

"साब, म्हातारी येई राहिनी. मी हालनू तं ती चुकी जाई. ओव्हर."

"किती लांब आहे?"

"दिसत नही. खोकला ऐकू येस."

मी सूर्याकडे पाहिलं आणि म्हणालो, "थांब."

हा हुकूम माझा. पुन्हा तशी वेळ आली तर पुन्हा हाच देईन. त्याच हुकमाने माझी झोप गेली, हेही तितकंच खरं.

त्याचा घसा बसला होता, तरी हाक चालू होती. मग ती थांबली. सेटवर आवाज आला, "साब, सापडनी. वढा. ती पुढे, मी मांगे."

आम्ही दोर ओढला, पण बेताने. हिसका दिला असता तर म्हातारी पडली असती. तेवढ्यात सूर्य गेला. खाटेवरची चादर एका बाजूने उचलावी तसं धवळं पाड्याकडून उठत आमच्याकडे आलं. म्हातारी कडेबाहेर पडून माझ्या अंगावर कोसळली. तिच्यामागचा दोर सैल झाला.

पाच-सहा पावलांवर भास्करचे बूट होते, नाड्या बांधलेल्या. वर्दी तिथेच पडली होती. सेट चालू होता.

कागदावर तो बेपत्ता आहे. मी स्वतः त्याच्या घरी गेलो. त्याच्या आईने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं की ती म्हातारी जगली का. मी हो म्हटलं.

श्रावणात तिने मला कानबाईला, आमच्या खानदेशातल्या देवीच्या सणाला, बोलावलं. कानबाईच्या रोटांसाठी, म्हणजे नैवेद्याच्या जाड पोळ्यांसाठी, आमच्याकडे घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू काढतात. ते रोट फक्त भाऊबंदांनी खायचे, परक्याला देत नाहीत. म्हणून मी बाहेर ओट्यावर बसलो. आत गहू काढताना भास्करच्या चुलत्याने हळूच विचारलं, त्याची मूठ काढायची का.

"तो मरेल नही," भास्करची आई म्हणाली. "गयेल शे. मूठ काढा."

दुसऱ्या दिवशी रोट वाटले. भास्करच्या वाट्याचा रोट घेऊन ती ओट्यावर आली आणि तो माझ्या हातात ठेवला.

"भाऊ, हाई तुमनं."

चुलते दारात उभे होते. त्यांनी पाण्याचा तांब्या माझ्याजवळ आणून ठेवला. मला रडू आलं, ते मी लपवलं नाही. तिथेच बसून तो रोट मी शेवटच्या कणापर्यंत खाल्ला.