रेती चाखणारे भाऊसाहेब

रेती चाखून पाहणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला. हरिहरेश्वराच्या अलीकडे आमचं गाव, तिथे ते महसूल खात्याचे सर्कल म्हणून आले. बैलगाडी अडवायची, चिमूटभर रेती जिभेवर ठेवायची, थुंकायचं आणि म्हणायचं, "खारी आहे. समुद्राची. परवाना दाखवा." गोड निघाली असती तरी परवाना लागतच होता, मग ही चाखाचाखी कशाला, ते कधी कुणाला कळलं नाही. समोरच्याला घाम मात्र फुटे. तोंडावर ते भाऊसाहेब, पाठीमागे गावाने त्यांना रेतीसाहेब करून टाकलं. मला तो माणूस तेव्हा डोळ्यांसमोर नको असे, आणि आज आठवणीतही फारसा नको असतो.

स्वातंत्र्य मिळून थोडीच वर्षं झाली होती. आमच्याकडच्या नारळ-सुपारीच्या वाडीवाल्यांची पक्की समजूत अशी, की वाडीच्या कुंपणापुढचा किनाराही आपलाच. आजोबा-पणजोबांनी तिथे केवडा लावला, होड्या ओढल्या, मग रेती दुसऱ्या कुणाची असणार? रेतीसाहेब भरतीच्या रेघेवर काठी रोवून सांगत, "इथून पुढे सरकार." रेघेच्या अलीकडची रेती उचलली तर म्हणत, "हेही सरकारच."

त्यांच्या तोंडी कायम एक वाक्य असे, "तडजोडीला मी केव्हाही तयार आहे." त्यांची तडजोड म्हणजे तुम्ही चोरी कबूल करायची, दंड भरायचा आणि गाडी सोडवून न्यायची. त्यात ते स्वतः काय सोडत होते, देव जाणे. लाच घेत नसत, हे मला कबूल करावंच लागतं. घेतली असती तर निदान मनसोक्त शिव्या देता आल्या असत्या.

बाबांनी विहिरीचा ढासळलेला काठ बांधायला वाडीपुढची गाडीभर रेती आणली आणि रेतीसाहेबांनी त्यांना रस्त्यात गाठलं. गाडी चावडीच्या अंगणात गेली. बैल मात्र परत दिले. "सरकारकडे दावण नाही," म्हणाले. पाऊस तोंडावर आलेला. एकदा लाँच बंद झाली की वर्षाची सुपारी घरातच बुरसणार. ती बंदरावर न्यायला गाडी हवी आणि गाडीसाठी बाबांची सही. बाबा म्हणाले, "दंड भरतो. पन चोर म्हनून सही करनार न्हाय. मान कापली तरी न्हाय."

रेतीसाहेब पंचनाम्यातला एक शब्द बदलायला तयार नव्हते. दोघेही हटेनात आणि अंगणात उन्हाने गाडीची चाकं उकलायला लागली.

शेवटी आई उठली. मी तेव्हा मॅट्रिकला होते, मला सोबत घेऊन ती चावडीवर गेली. चार माणसं बसलेली. ती म्हणाली, "रेती मी काडली. माजा आंगठा घ्या."

"गाडी कोण हाकत होतं?"

"मीच."

बाबांना ज्याने स्वतः अडवलं, तो हा माणूस. तरी त्याने शाईची डबी तिच्यापुढे सरकवली. गाडी सुटली, सुपारी गेली. पण नवऱ्याची चोरी बायकोने अंगावर घेतली, असं गाव कुजबुजलंच, आणि बाबा त्या गाडीत पुन्हा कधी बसले नाहीत. बैलांच्या बाजूने चालत.

पुढे रेतीसाहेबांची बदली झाली. सामान बंदरावर न्यायला गावात एकाचीही गाडी मोकळी नव्हती. सगळ्यांची नाकं मुरडून झाल्यावर ते आमच्या दारात आले. बाबा म्हणाले, "देतो. आदी चावडीवर चला, मी चोर न्हाय म्हनून सांगा."

"पंचनाम्यात लिहिलंय ते लिहिलंय," म्हणाले आणि वळले.

थोड्या वेळाने ते आमच्या कुंपणापुढून ट्रंक खांद्यावर घेऊन निघालेले दिसले. मागे त्यांची बायको, पाय सुजलेले, हातात स्टोव्ह. मला खरं सांगायचं तर बरं वाटलं. आई मात्र बैल जुंपायला लागली.

"कुनाला इचारून?" बाबा म्हणाले.

"गाडी माज्या आंगठ्यावर सुटलीय," ती म्हणाली. 

मीही गाडीत चढले. बंदरावर सामान उतरलं, बायको लाँचेत बसली, तेव्हा रेतीसाहेब आईपाशी आले. खाली बघत म्हणाले, "बाई, रेती तुम्ही काढली नव्हती, मला ठाऊक होतं. तुमचे यजमान चोर नाहीत, तेही ठाऊक होतं."

आईने कासरा हाताला गुंडाळला. "ह्ये चावडीवर चार मान्सांत बोलायचं व्हतं, भाऊसाहेब. हितं कोन ऐकतंय?"

ते वळले आणि लाँचेत चढले.

घरी आलो तर बाबा दारातच उभे होते.

"काय बोलला?"

"काय न्हाय," आई म्हणाली, आणि बैल सोडायला लागली.